ग्वेनवहिनीचा ‘ळ’

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, आणि तो गेल्यावर त्याच्या फोटोलाही नाही. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून असेल.

मी नटी होते. म्हणजे — तुम्ही मला पडद्यावर पाहिलं असेल, पण मी लक्षात राहिले नसेन. शेजारीण, नर्स, अक्षता टाकणाऱ्या बायकांतली दुसरी. आवाज मात्र खणखणीत. ज्या नट्यांना धड मराठी येत नसे, त्यांचे संवाद मी म्हणायचे. तोंड त्यांचं, आवाज माझा, टाळ्या त्यांना.

ऐंशीच्या दशकात आम्ही वाकोल्याला राहायचो. वरच्या मजल्यावर ग्वेन. वेल्सची. तिकडे नाटकांत दुय्यम कामं करायची, मग बोटीवरच्या एका मालवणी इंजिनीयरशी लग्न करून इथे आली. तो आठ-आठ महिने समुद्रावर, ही एकटी. हिंदी सिनेमांत पार्टीत ग्लास घेऊन उभी राहणारी मडम, एवढंच तिचं करिअर. बिल्डिंगमध्ये सगळे तिला ग्वेनवहिनी म्हणत. इंग्लिश म्हटलं की मात्र चिडायची. “इंग्लिश नाही गं शालू, वेल्श!” त्यांची भाषाच वेगळी. ती शाळेत बोलली म्हणून तिच्या आजीला शिक्षा व्हायची, हे तिनेच मला सांगितलं होतं. म्हणजे मला ठाऊक होतं, भाषेवरून हसं झालं की माणसाचं काय होतं ते.

मग तिला एक मराठी सिनेमा मिळाला. खेड्यातल्या डॉक्टरची परदेशी बायको. पहिल्यांदाच तोंडी वाक्यं! ती माझ्याकडे शिकायला येऊ लागली. मी कोळंबी सोलतेय आणि ती समोर बसून जीभ मागे वळवतेय — केळं, काळं, कोळंबी. तीन महिन्यांनी तिचा ‘ळ’ असा सुटला की मी हातातलं काम टाकलं. तिने मला मिठीच मारली. मला आनंद झाला का? झाला. पण आत काहीतरी टोचलंही. ही स्वतःच बोलली, तर मग मी कशाला?

डबिंगच्या दिवशी मी ग्वेनच्या सोबतीला गेले, तर सिनेमाचे निर्माते शेठ एकटेच होते. दिग्दर्शकाशी त्यांचं वाजलं होतं, तो फिरकलाच नव्हता. शेठना मराठी येत नव्हतं. ग्वेनचं म्हणून झालं, तेव्हा त्यांनी मला बाजूला घेऊन विचारलं, “बराबर बोलती है ना?”

मी म्हटलं, “नाही शेठ. लोग हसेंगे.”

खोटं. साफ खोटं! तिचं उत्तम झालं होतं.

मग मी म्हटलं तिच्यासाठी. तेही नीट म्हटलं असतं तर? सासू मरायला टेकलीय आणि सून म्हणते, “आई, डोळे उघडा. मी जवळच आहे.” मी म्हटलं, “आई, डोले उगडा. मी जवलच हाय.” कुणी सांगितलं नव्हतं. मडमेचा आवाज काढला, बस.

थिएटरात ती माझ्या शेजारी बसली होती. तिचा आवाज काढून माझा घातलाय, एवढं शेठनी तिला सांगितलं होतं. त्या वाक्याला अख्खं थिएटर हसलं. तिने माझा हात धरला आणि हळूच विचारलं, “मी असंच बोलते?”

मी काय म्हणायला हवं होतं? मी म्हटलं, “थोडंसं.”

त्यानंतर ती मराठी बोललीच नाही. कोळणीशी बोटांनी भाव करायची. माझ्याशी इंग्रजीत, आणि माझं इंग्रजी यथातथाच — मग आमचं बोलणं आटलंच. संध्याकाळी वरून तिच्या रेडिओचा आवाज येई, माणसाचा येत नसे. मी जिना चढून जाऊ शकत होते. बावीस पायऱ्या. नाही गेले.

दीडेक वर्षाने ती कायमची परत निघाली. सामान खाली टॅक्सीत ठेवून माझ्या दाराशी आली. किती दिवसांनी मराठीत बोलली, अडखळत. म्हणाली, “शालू, तू इतकं शिकवलंस. मला जमलं नाही. मला माफ कर.”

आणि मी तिला माफ केलं.