फ्रेंच नट्यांना लांब बाह्या

मूर्खपणा आधीच कबूल करून टाकते. दुसऱ्या बाईच्या आईचे फोटो मी काळ्या मार्करनं रंगवले. त्यांची दुसरी प्रत जगात नव्हती. आणि रंगवताना मला स्वतःच्या हुशारीचं कोण कौतुक!

आखाती युद्धाचे दिवस. हे सौदीत रास तनुऱ्याला रिफायनरीत इंजिनिअर. शेजारी एक फ्रेंच बाई राहायची, माझ्याहून वीसेक वर्षांनी मोठी. तिची आई मूकपटांच्या काळात पॅरिसला सिनेमात कामं करायची. नायिकेची नव्हेत हो! दार उघडणारी मोलकरीण, औषध पाजणारी नर्स, नवरीची बहीण. "आईनं जन्मभर दुसऱ्यांसाठी दारंच उघडली," शेजारीण हसून सांगायची. पुढे बोलपट आले, आईचा खेडवळ हेल कुणाला चालेना, मग त्याच स्टुडिओत ती नट्यांचे कपडे शिवू लागली. सिनेमे कधीच नष्ट झाले होते. उरला होता तो एक अल्बम. त्यातल्या एकाच फोटोत आई सगळ्यांच्या पुढे होती: बिनबाह्यांचा झगा, हातात पंखा, आणि दार धरून उभी दुसरीच कुणी.

युद्ध पेटायच्या आधीच शेजारीण विमानानं जेद्दाला गेली. जाताना अल्बम माझ्या हाती दिला. "विमानतळावर बॅगा उघडतात. तुम्ही मोटारीनं आलात तर आणशील ना?"

मग क्षेपणास्त्रं सुरू झाली. खिडक्यांना चिकटपट्ट्या लागल्या. गॅसचा मुखवटा दिसला की आमची लेक किंचाळायची. शेवटी ह्यांना रजा मिळाली आणि जेद्दाला निघायचं ठरलं. इतर बायका पाणी, पेट्रोल, पोरांची औषधं यांची काळजी करत होत्या. मला काळजी वाटेतल्या नाक्यांची. पोलिसानं अल्बम उघडला आणि त्या उघड्या खांद्यांच्या बायका पाहिल्या तर?

बाहेरून येणाऱ्या मासिकांतले बायकांचे हातपाय तिथे काळी शाई फासूनच दुकानात यायचे. म्हटलं, त्यांचं काम आपणच करून ठेवू. निघायच्या आदल्या दुपारी बसले आणि एकेका नटीला गळाबंद, लांब बाह्यांचा ब्लाउज चढवला. पंखेवालीलासुद्धा. चेहरा तेवढा सोडला, एवढी मी दयाळू.

ह्यांनी पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "अगं, सत्तर वर्षांपूर्वीच्या बाया या! त्यांना अटक करणार का पोलीस?"

"त्यांना नाही, तुम्हाला करतील! राहायचा परवाना तुमचा जाईल, त्यांचा नाही!"

पहिल्या नाक्यावर मी बॅग पायाशी ओढून घेतली. पोलिसानं ह्यांचा इकामा, म्हणजे तो परवाना, पाहिला, मागे झोपलेली लेक पाहिली, आणि हळूच म्हणाला, "यल्ला," म्हणजे निघा. दुसऱ्या नाक्यावर तेच. तिसऱ्यावर तर आम्हाला खजूर मिळाले. बॅगेला कुणी बोटही लावलं नाही.

खजूर तोंडात होता तेव्हा मला कळलं, मी काय करून बसले ते. क्षेपणास्त्रं मागे राहिली होती. पुढे जेद्दा होतं, म्हणजे ती होती. सबंध वाट मी सबबी जुळवत गेले. पोलिसांनीच फासलं, असं सांगू का? ह्यांना विचारलं. हे म्हणाले, "सांग की. मी खरं सांगेन."

जेद्दाला तिनं दारातच मला मिठी मारली आणि अल्बम घेऊन जेवणाच्या टेबलाशी बसली. मी उभ्या उभ्याच सगळं सांगितलं. ती पानं उलटत राहिली. काळ्या ब्लाउजांवर तिच्या ओठाचा कोपरा जरा हलला, तेव्हा मला वाटलं, सुटले. मग पंखेवालीचं पान आलं. त्यावर तिनं बोट ठेवलं. मी रडायलाच लागले. तिनं उठून कपाटातून कापूस आणि स्पिरिटची बाटली आणली, माझ्यासाठी खुर्ची ओढली आणि तिच्या तुटक इंग्रजीत जे म्हणाली, ते मराठीत असं:

"नायिकांना झाकलंस, त्याबद्दल आईनं तुझे मुके घेतले असते. पण हा एक मी पुसणार, आणि पुसून होईपर्यंत तू इथून हलायचं नाहीस. डोळे पूस आधी. फोटोवर पाणी नको."