माझा खलनायक आणि सव्वा मूठ गहू

माझ्या खलनायकाला मी आमच्या आबांचं नाक दिलं होतं. लांब, टोकाशी थोडं वाकलेलं, खाली बघताना समोरच्याला आपोआप छोटं करणारं. जपानी पद्धतीच्या चित्रकथांमध्ये, म्हणजे 'मांगा' प्रकारात, खलनायक बहुतेक वेळा देखणा असतो. हे मला चांगलं ठाऊक होतं, कारण कॉलेजच्या तीन वर्षांत मी पुस्तकांपेक्षा तेच जास्त वाचलं. तरी नाक आबांचंच काढलं. राग होता माझा, आणि तो काढायला माझ्याकडे पेन्सिलशिवाय दुसरं काही नव्हतं.

आबा म्हणजे वडिलांचे थोरले भाऊ. ते धरणगावजवळच्या आमच्या गावी राहतात. आम्ही जळगावला, धाकटे काका शिरपूरला. पण तिन्ही घरांचा कारभार आबांच्या नावाने चाले. बारावीनंतर मला चित्रकला शिकायला नाशिकला जायचं होतं. वडील म्हणाले, "आबा नाही म्हणतील." विषय संपला. मी जळगावलाच बी.कॉम. केलं. मैत्रिणींबरोबर सहलीला जायचं म्हटलं, केस कापायचे म्हटले, पुण्यात नोकरी शोधायची म्हटली, तरी उत्तर तेच, "आबा नाही म्हणतील." बावीस वर्षांची होईपर्यंत हे वाक्य मी इतक्या वेळा ऐकलं की वडिलांनी नुसतं तोंड उघडलं तरी मला ते आधीच ऐकू यायचं.

त्या रागातून माझी चित्रकथा सुरू झाली. दोनशे पानी वही, त्यात शंभर माणसं. बंद पडलेल्या एका कापसाच्या जिनिंगच्या, म्हणजे सरकी काढायच्या गिरणीच्या, आवारात ती आणून सोडलेली. शेवटी एकच उरेल, तोपर्यंत एकमेकांशी लढायचं, असा खेळ. आणि वजनकाट्याच्या केबिनमध्ये बसलेला माझा खलनायक.

तो शक्ती वाटायचा. ती कशी, हा माझ्या वहीतला सगळ्यात मोठा अभिमानाचा भाग होता. एकेक माणूस केबिनसमोर यायचा. खलनायक एकच प्रश्न विचारायचा, "घरात तुला काय म्हणून हिणवतात?" कुणी म्हणायचं बहिरी, कुणी मंद, कुणी खादाड. मग तो मूठ उघडून तळहातावरचं कापसाचं बोंड फुंकायचा. कापूस कपाळाला चिकटला की तेच हिणवणं शक्ती व्हायचं. बहिरीला भिंतीपलीकडच्या माणसाचा श्वास ऐकू यायचा. मंद मुलगा काळ थांबवायचा. खादाड बाई समोरच्याचा राग खाऊन टाकायची. जन्मभर ज्याची लाज वाटली त्याच्यापुढे आता लोक घाबरून उभे राहणार, याचा त्यांना इतका आनंद व्हायचा की कशासाठी आणलंय हे ते विसरून जायचे. अट एकच होती. शक्ती आवाराच्या भिंतीच्या आतच चालणार.

वहीची पहिली आणि एकुलती एक वाचक होती काकांची मुलगी, शिरपूरची, सतरा वर्षांची. कानबाईसाठी, म्हणजे आमच्या खानदेशातल्या देवीच्या सणासाठी, आम्ही सगळे गावी जमलो तेव्हा गच्चीवर बसून तिने अख्खी वही वाचली आणि विचारलं, "ताई, यात फाटकाला कुलूप कुठे दाखवलंय?"

"कुलूप नाहीच."

"मग ते पळून का नाही जात?"

"बाहेर गेली की ती पुन्हा बहिरी," मी म्हणाले. तिने मान हलवली आणि मला स्वतःच्या हुशारीचं फार कौतुक वाटलं.

त्याच दिवशी, म्हणजे गुरुवारी, पुण्याहून फोन आला. चित्रकथा करणारा छोटासा स्टुडिओ होता. मी महिन्यापूर्वी वहीतल्या पानांचे फोटो पाठवले होते. बुधवारी सकाळी दहाला या, तीन महिने काम करून बघू, नाही जमलं तर यादीत पुढची मुलगी आहे, असं तिथल्या बाईंनी सांगितलं. मी हो म्हटलं. घरात कुणालाच सांगितलं नाही, फक्त त्या बहिणीला सांगितलं. बेत असा होता की मंगळवारी दुपारी बॅग खांद्याला लावायची आणि मगच सांगायचं. म्हणजे "आबा नाही म्हणतील" म्हणायलाही कुणाला वेळ मिळणार नाही.

मंगळवारच का, तर रोटांमुळे. कानबाई आमच्याकडे श्रावणात, नागपंचमीनंतरच्या रविवारी बसते आणि सोमवारी नदीवर जाते. तिच्या नैवेद्याचे रोट, म्हणजे जाड पोळ्या, करतात त्याचे गहू आधी मोजून घेतात. घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ. बाकीच्यांकडे थोडंफार वेगळं असेल, पण आमच्या घरात नियम फार कडक. हे पीठ बाहेरच्या माणसाच्या तोंडी जाऊ द्यायचं नाही, शेजाऱ्याच्या नाही, जावयाच्याही नाही. आणि ज्यांची नावं घातली त्यांनी त्या पिठाचे रोट सरेपर्यंत दुसरीकडे मुक्कामाला जायचं नाही. दरवर्षी मंगळवारी दुपारपर्यंत डबा रिकामा व्हायचा. शिवाय मुलींची नावं घालतच नसत, त्यामुळे मला तसा काही अडसर नव्हता. नाव घालत नाहीत म्हणून लहानपणी मी रडायची. चुलतभावाच्या आठ महिन्यांच्या मुलाच्या नावाने सव्वा मूठ आणि माझ्या नावाने काही नाही. त्या वर्षी मात्र मला ते सोयीचं वाटलं.

गुरुवारी दुपारी आबांनी माझी वही पाहिली. मी ओसरीवर चितारत बसले होते आणि ते मागून कधी आले कळलं नाही. पान झाकायला वेळच मिळाला नाही.

"हाऊ कोन शे?" त्यांनी खलनायकावर बोट ठेवून त्यांच्या अहिराणीत विचारलं.

"खलनायक आहे, आबा."

"काय करस हाऊ?"

"शक्ती देतो लोकांना."

"फुकट?"

"हो."

"मंग लबाड शे," आबा म्हणाले. पानावरच्या स्वतःच्या नाकाकडे त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि निघून गेले. मी वही मिटली.

शुक्रवारी गहू मोजायला बसलो. दरवर्षी थोरली काकू मूठ भरते आणि बायका गाणी म्हणतात. काकूने सुपात हात घातला तेवढ्यात आबा दारात येऊन उभे राहिले. म्हणाले, "यंदा मूठ या पोरले भरू द्या. हात चांगला शे तिना. आनि तिनं नाव बी घाला."

गाणं थांबलं. आई माझ्याकडे बघायला लागली. आमच्या घरात मुलीचं नाव कानबाईच्या पिठात कधी पडलं नव्हतं. मला इतका आनंद झाला की आज तो आठवूनही लाज वाटते. चार दिवसांनी मी हे घर सोडणार होते, या घरावर माझा राग होता, आणि तरी मी पुढे सरकून बसले, हात पुसले आणि सुपात घातले. एकेका पुरुषाचं नाव घेऊन सव्वा मूठ टाकत गेले. शेवटी स्वतःचं नाव घेतलं. आणि मूठ? ती सव्वा राहिलीच नाही. मी ओंजळीने घेतले.

"ताई, माझं?" शिरपूरची बहीण म्हणाली.

मला कुणी अधिकार दिला नव्हता. पण मूठ माझ्या हातात होती आणि मी आता ती उघडू शकत होते. मी तिचं नाव घेतलं. मग घरातल्या बाकीच्या चौघी बहिणी पुढे आल्या. मी सगळ्यांची नावं घेतली, सगळ्यांना भरभरून दिलं, बावीस वर्षांची थकबाकी फेडावी तसं. पोरींचे चेहरे असे फुलले होते की थांबवणार कोण? काकू फक्त एवढंच म्हणाली, "अव माय, इतलं कोन खाई?"

मला तेव्हा ते ऐकूच आलं नाही.

रविवारी कानबाई बसली. कानबाई म्हणून मांडलेल्या नारळाला डोळे मी रेखले, नथ आणि साडीही मीच चढवली. खीर, पुरण, गंगाफळाची, म्हणजे लाल भोपळ्याची, भाजी आणि रोट. सोमवारी वाजत गाजत नदीवर गेलो. परत येऊन रोट. मंगळवारी सकाळी चहाबरोबर रोट. दहा वाजता काकूने पिठाचा डबा उघडून दाखवला तेव्हा माझ्या लक्षात आलं. डबा अर्ध्याच्या वर भरलेला होता.

मी सगळ्यांना खायला बसवलं. आग्रह करकरून वाढलं, धाकट्या मुलांना दुधात कुस्करून भरवलं. वडील दोन रोटांनंतर उठले, त्यांना मी हात धरून परत बसवलं. सगळ्यांना वाटलं पोरीला केवढी भक्ती. दुपारी तीनला शेवटचं पीठ मळलं गेलं आणि ज्याचे त्याला रोट वाटून दिले. माझ्या ताटात माझ्या ओंजळीचे सहा पडले. जाड, कोरडे, ताटभर. दोन संपवले आणि तिसरा घशाखाली उतरेना.

जळगावहून पुण्याची गाडी सातला होती. गावातून साडेचारची एसटी धरायला हवी होती. बॅग खाटेखाली भरून ठेवलेली होती. बहीण माझ्याजवळ येऊन कुजबुजली, "ताई, ऊठ ना. जा. दार उघडंच आहे."

दार खरंच उघडं होतं. आबा ओसरीवर पेपर वाचत होते, आई आत भांडी लावत होती, मला धरून कुणी बसलं नव्हतं. मी उठले असते तर फार तर चार माणसं ओरडली असती.

"माझं नाव घातलंय," मी म्हणाले.

"मग काय झालं?"

या घरात पहिल्यांदा माझं नाव मोठ्याने घेतलं गेलं होतं आणि ते मला सोडवत नव्हतं. तिसरा रोट हातात धरून मी बसून राहिले. एसटीचा हॉर्न ऐकला. ती पिंपळाखाली थांबली आणि गेली, तेही ऐकलं. मला माझाच इतका संताप आला की ताट भिरकावून द्यावंसं वाटलं, पण रोट असलेलं ताट भिरकावतात का कधी? मी ते झाकून ठेवलं.

बुधवारी सव्वादहाला फोन आला. मी गच्चीवर गेले. त्या बाईंनी विचारलं, "निघालात का?"

"घरी कानबाईचे रोट आहेत," मी म्हणाले. "संपेपर्यंत बाहेर जाता येत नाही."

"कसले रोट?"

मी सांगायला लागले. सव्वा मूठ, नावं, पीठ. ऐकताना त्या दोनदा "हं" म्हणाल्या. मग म्हणाल्या की हरकत नाही, आम्ही पुढच्या मुलीला कळवतो. आवाजात जरासुद्धा राग नव्हता. त्यांनी रागावून चार शब्द सुनावले असते तर मला जास्त बरं वाटलं असतं.

बाराच्या सुमारास खाली आले तेव्हा आबा ओसरीवर एकटेच होते. माझा तोल गेला. आयुष्यात पहिल्यांदा मी त्यांच्यापुढे आवाज चढवला. मी म्हणाले, "मुद्दाम केलंत तुम्ही. नाव घातलंत म्हणजे मी कुठे जाऊ नये. नाशिकला जाऊ दिलं नाहीत, आता पुणंही घालवलंत." बोलताना मी रडत होते आणि रडतेय याचाही राग येत होता.

आबांनी पेपर खाली ठेवला. "पुनाले कसाले जावानं व्हतं तुले?"

मी सांगितलं. स्टुडिओ, चित्रं, दहाची वेळ, सगळं.

"आनि नाशिकनं काय?"

"बारावीनंतर. तुम्ही नाही म्हणालात."

"मी?" आबा म्हणाले. "माले कोनी इचारंच नही."

मी वडिलांकडे वळून पाहिलं. आवाज ऐकून ते आतल्या दारात येऊन उभे राहिले होते. त्यांनी खाली बघितलं आणि आत गेले. आबांचं नाक समोर होतं, तेच, वाकलेलं, आणि ते पुसून टाकायला माझ्याजवळ काही नव्हतं.

"काल सांगानं व्हतं ना माले," आबा म्हणाले. "तुना नावना रोट मी खाई लेतू. त्यामा काय शे?"

ते उठून आत गेले आणि माझं झाकलेलं ताट घेऊन आले. बरोबर पेलाभर दूध. त्यांना कवळी आहे, ती त्यांनी काढून बाजूला ठेवली. सुकून कडक झालेले चारही रोट त्यांनी एकेक करून मोडले, दुधात भिजवले आणि माझ्यासमोर बसून खाल्ले. फार वेळ लागला. मधे दोनदा ठसका लागला, मी पाणी आणून दिलं. ताटातला चुरासुद्धा त्यांनी बोटाने टिपून घेतला.

मग तोंड पुसलं आणि माझ्याकडे पाहून अगदी मनापासून म्हणाले, "व्हई गयं. आते जाय."

दुपारचा एक वाजून गेला होता.