बाकावरचे शेजारी

बालीगंजमधला आमचा भाड्याचा फ्लॅट घरमालकाला रिकामा करून हवा होता. मालकाला मी कधी पाहिलेलं नव्हतं, सगळं दलालामार्फत चालायचं. आलिपूरच्या कोर्टात पहिल्या तारखेला बाकावर माझ्या शेजारी एक वृद्ध बंगाली गृहस्थ बसले होते. मांडीवर छत्री आडवी, हातात मुडी, म्हणजे आपले चुरमुरे. चार दाणे खाल्ले की रुमालाने बोटं पुसायचे. त्यांनी पुडी माझ्यापुढे धरली आणि माझ्यातला वकील जागा झाला.

आदल्या दिवशी मोबाइलवर वाचलेलं सगळं मी त्यांना ऐकवलं. खाली दिवाणी न्यायाधीश, वर जिल्हा न्यायाधीश, त्यांच्यावर हायकोर्ट. शेवटी माझ्या दिव्य हिंदीत गरजलोसुद्धा, "यहां हारा, तो मालिक को हायकोर्ट तक घसीटूंगा!" ते शांतपणे मान डोलवत राहिले, अधूनमधून पुडी पुढे करत राहिले.

आमच्या खटल्याचा पुकारा झाला. मी उठलो. तेही उठले. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला.

छत्री काखेत मारत ते म्हणाले, "दादा, हाई कोर्ट में भी बगल में ही बैठिएगा. मुडी हम लाएंगे."

मला काहीतरी बाणेदार बोलायचं होतं. पण तोंडात त्यांचेच चुरमुरे होते.