काचेपलीकडचं बोलणं

आखातातल्या आर्थिक क्रॅशनंतरच्या त्या वर्षी आमच्या डिस्कव्हरी गार्डन्स वसाहतीत कुणाचा कुणावर भरवसा उरला नव्हता. समोरच्या फ्लॅटमधले सुट्टीवर जातो म्हणून गेले, ते गेलेच. आणि माझा नवरा फोन आला की बाल्कनीत जायचा, काचेचा दरवाजा घट्ट सरकवून घ्यायचा. टाय लावून रोज जुमेरा लेक टॉवर्सच्या ऑफिसला निघायचा खरा, पण कुठेतरी पाणी मुरत होतं. एकतर बाई, नाहीतर नोकरी. नोकरी गेली तर व्हिसा खलास, मुलीची दहावी अर्ध्यावर टाकून गाशा गुंडाळायचा. त्यापेक्षा बाई परवडली, असंही एकदा मनात आलं!

त्यात सासूबाई आलेल्या, व्हिजिट व्हिसावर. दुपारभर त्यांचं एकच पुराण, त्यांची आई. मूकपटात पुरुष मिशा भादरून नायिका व्हायचे, त्या काळात म्हणे ती कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. सासरच्यांनी दार लावून घेतलं, तरी मागे फिरली नाही. पुढे स्वतःच चित्रपट काढायला लागली. कॅमेऱ्याचा दांडा फिरवणाऱ्याचा वेग चुकला की त्याच्यावर खेकसायची. मग बोलपट आले आणि तिला कुणी बोलावेना.

मला या सगळ्या थापा वाटायच्या.

"आवाज कुठे होता तेव्हा?" सासूबाई रंगात येऊन सांगायच्या. "सिनेमातल्या नवऱ्याच्या प्रेतावर पडून रडताना आई त्याला म्हणायची, मेल्या, पोट आत घे, श्वास दिसतोय! एक रीळ उरलं होतं घरात. आई ते लावायची आणि मला ओठ वाचायला शिकवायची."

"असं? मग आता मी काय बोलते ते सांगा," म्हणून मी बाल्कनीत गेले, काच लावली, मनात येईल ते बोलले आणि आत आले.

"माझ्या आमटीत गूळ जास्त असतो होय गं?" त्यांनी विचारलं.

अगदी हेच बोलले होते मी. बहिणीशी मी याच बाल्कनीतून तासन् तास बोलायचे! आणि मग माझं लक्ष त्यांच्या खुर्चीकडे गेलं. आल्या दिवसापासून ती बाल्कनीकडे तोंड करूनच होती.

"आई, तो काय बोलतो फोनवर?"

"ऑफिसचं असतं काहीतरी."

"खरं सांगा."

"अगं, चहा गार होतोय."

म्हणजे याही सामील! असा संताप आला म्हणता.

संध्याकाळी फोन वाजला. तो बाहेर गेला, काच लागली. मी मात्र सासूबाईंकडेच पाहत बसले. त्यांची नजर मुलाच्या तोंडावर खिळलेली. बघता बघता त्यांनी पदर तोंडाला लावला. मी काही विचारायच्या आत त्या उठल्या आणि त्यांनी दरवाजा खाडकन सरकवला.

"बोलपट येऊन जमाना झाला रे," त्या मुलाला म्हणाल्या. "आत ये आणि बायकोला आवाजात सांग. मी किती दिवस गप्प बसू?"

तो आत आला, फोन हातात तसाच. ओठ हलले, आवाज फुटला नाही. मला वाचता येत नव्हतं, तरी कळलं.

मुलीनं कानातले हेडफोन काढले. "व्हॉट डिड ही से?"

"परत जायचंय आपल्याला," मी मोठ्यानं म्हणाले.