वाकळेतला कोरा फेरा

मी हिंगोलीत अकरावी-बारावीला बायोलॉजी शिकवते. कुणाच्या अंगात आलं, कुणाला नजर लागली असं काही निघालं की सगळ्यात आधी मीच विरोधात तोंड उघडते आणि घरच्यांची बोलणी खाते. त्यामुळं हे लिहिताना माझं मलाच कसंतरी होतंय... पण जे झालं ते झालं.

माझं माहेर औंढा तालुक्यात, सिद्धेश्वर धरणाच्या अलीकडं. तिथं दादा आणि वैनी असतात. वैनींना आधी दोनदा दिवस गेले, दोन्ही वेळा लेकरू राहिलं नाही. मागल्या वर्षी तिसऱ्यांदा गेले. सगळं घर जीव मुठीत धरून होतं.

आमच्याकडं जन्माआधी बाळासाठी नवं काही आणत नाहीत. पोटुशी बाई जुन्या कापडाची वाकळ शिवते. वैनींनी माझ्या वडलांचं, आबांचं जुनं पांढरं धोतर घेतलं, लुगड्यांच्या काठांतले रंगीत धागे काढले. वाकळ कडेपासून शिवायला घेतात आणि फेऱ्यावर फेरा घालत मध्याकडं जातात.

सातव्या महिन्यात एका रविवारी गेले, सहज वाकळ उचलली — आणि बघतच राहिले! सगळ्यात बाहेरच्या फेऱ्यात ट्रायलोबाइट, कोट्यवधी वर्षांपूर्वी संपलेला समुद्री किडा. पाठीचे तीन भाग, आडव्या कड्या, सगळं बराबर. त्याच्या आत जबडा नसलेले, चिलखत घातलेले मासे. मग पानं नसलेली नुसत्या दांड्यांची झाडं. मग पाय फुटलेला मासा. मग कावळ्याएवढा चतुर.

"वैनी, हे कुठं बघितलं तुमी?"

"कुठं बघू बाई? हात चालला तसा टाका पडला. काहून असं विचारून राहिल्या? वंगाळ दिसतंय का?"

वैनी चौथी शिकलेल्या. फोन बटणांचा. माझी पुस्तकं हिंगोलीत. मी त्यांना सांगितलं की हा अख्खा पुराजीव महाकल्प, पृथ्वीवरच्या जुन्या जीवांचा काळ आहे, ओळीनं. पाण्यातला जीव जमिनीवर यायलाच कोट्यवधी वर्षं लागली.

वैनींनी सुई धोतरात खोचून ठेवली. "एवढी तकलीफ पडती व्हय जीवाला? मग माझ्या दोन लेकरांचं तरी काय चुकलं, वन्सं..."

त्या दोघांबद्दल त्या पहिल्यांदाच बोलल्या होत्या.

तीन आठवड्यांनी पुन्हा गेले. भर दुपारी वैनी पडून होत्या. उशाशी वाकळ. तीन आठवडे झाले तरी चतुराच्या आतला फेरा कोरा! पांढरं धोतर, बस्स. चतुरानंतर काय येतं ते मीच वर्गात शिकवते — त्या महाकल्पाच्या शेवटी पृथ्वीवरचं बहुतेक सगळं मेलं होतं.

"वैनी, बाळ हलतंय ना?"

"सकाळपासून गप हाय. निजलं असंल."

मी दादाला तो कोरा फेरा दाखवला आणि जीप बघायला सांगितली. तो चिडलाच. "वाकळ बघून दवाखाना? आमाला अंधश्रद्धाळू म्हणणारी तूच ना?"

"व्हय, मीच! तू आधी ऊठ!" मी ओरडले. अख्ख्या गल्लीनं ऐकलं.

दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी ठोके ऐकले आणि थेट ऑपरेशनला घेतलं. नाळेचा गळ्याभोवती वेढा होता. संध्याकाळपर्यंत थांबला असता तर हाती काही लागलं नसतं, असं नंतर त्यांनी दादाला सांगितलं. पोरगी झाली. मूठभर. काचेच्या पेटीत होती, पण रडत होती... दादा भिंतीला टेकून तिच्याहून मोठ्यानं रडला.

मायलेकी घरी आल्यावर मी न राहवून विचारलं, "वैनी, तो फेरा कोरा काहून सोडला होता?"

"कोरा? कोरा कुठंय? रंगीत धागा सरला, मग पांढऱ्यानंच घातला. बोट फिरवून बघा की."

बोट फिरवलं. पांढऱ्यावर पांढरे टाके... एकच जनावर होतं. बुटकं, चार पायांचं, तोंडाशी दोन सुळे. असं एक खरंच होतं. त्या मरणातून जे थोडेफार तगले, त्यांतलं.

मी खूप डोकं लावलं. योगायोग म्हणू? टीव्हीवर कधी काही दिसलं असेल म्हणू? ओळीनं, एवढं बराबर? नाही पटत. आज पोरगी रांगायला लागली, तरी गेले की मी त्या फेऱ्यावरून बोट फिरवून बघते.

वैनींना त्या दिवशी मी एवढंच सांगितलं, सगळं मेलं तेव्हा हे जगलं होतं. त्यांनी पोरीला उचललं आणि त्याच फेऱ्यावर निजवलं.