पाळलेली नाही

ताई गेल्यानंतरही तिच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत ती करडी मांजर येते. जाळीला नखं लावून आत बघत बसते.

ताईचा ताप महिनाभर उतरला नाही. दर वेळी रक्ताचा रिपोर्ट ‘जंतू आढळले नाहीत’ असाच यायचा आणि आम्ही वेड्यासारखे खूश व्हायचो.

पहिल्याच दिवशी डॉक्टरांनी विचारलं होतं, “घरी कुत्रं-मांजर पाळलंय?”

“छे हो,” मी म्हणाले. खोटं कुठे होतं? ही पाळलेली नव्हतीच. नुसती यायची, दूध प्यायची, लाडात आली की ताईच्या मनगटावर ओरबाडायची. विचारलेल्याचं खरं उत्तर दिलं म्हणजे खरं सांगितलं, असं थोडंच असतं!

पुढे एका डॉक्टरीणबाईंनी ताईचा हात उलटा करून विचारलं, “हे ओरखडे कसले?” मग वेगळी तपासणी झाली आणि नाव कळलं: बार्टोनेला. नेहमीच्या तपासणीत सहसा न सापडणारा जंतू. तोवर त्याने हृदयाची झडप खाल्ली होती.

आज शेजारीण खिडकीकडे बघून म्हणाली, “ही मांजर तुमची का हो?”

“हो,” मी म्हणाले. “आमचीच.”