कुहीचा आवाज लागत नाही

टेलिफोन खात्यात चौतीस वर्षं मी लोकांचे आवाज एकमेकांना जोडून दिले. आधी ट्रंक कॉलच्या बोर्डावर होते आणि तो बोर्ड मोडीत निघाल्यावर तक्रारीच्या टेबलावर. त्यामुळे "आवाज येत नाही" हे ऐकून माझी कधी धांदल उडाली नाही. आवाज येत नाही म्हणजे तो कुठेतरी अडकलाय, आणि अडकलेला सापडतो, एवढं माझं साधं शास्त्र. बोर्डावर नवीन पोरी बसायला आल्या की पहिल्या दिवशी मी त्यांच्याकडून एकच नियम घोकून घ्यायची: समोरच्याला दोष देण्याआधी आपली कळ तपासा. प्रत्येक लाइनीला ऐकायची एक कळ असे. ती बंद राहिली तर गिऱ्हाईक बोंबलून बोंबलून थकेल, पण तुमच्या कानात काही यायचं नाही. हा नियम मी किती पोरींना शिकवला त्याचा हिशोब नाही. स्वतः मात्र कधी शिकले नाही, हे परवा-परवा कळलं.

माझा धाकटा भाऊ कुहीला असतो, धान पिकवतो. मी नागपुरात, प्रताप नगरला. मध्ये एका बसचं अंतर. पण माय गेली आणि आमच्या फोनवरच्या गप्पा आटल्या. "कशी आहेस?" "बरी. तू?" "बरा. ठेवू?" "ठेव." भांडण नव्हतं, काही नव्हतं. माय होती तोवर बोलायला मायच होती, नंतर विषयच उरला नाही.

मग तो बांधीच्या धुऱ्यावरून, म्हणजे धानाच्या शेताच्या बांधावरून, घसरला आणि पाय प्लास्टरमध्ये गेला. ज्या माणसाला दिवसा पाठ टेकायची सवय नाही, त्याला दीड महिना खाटेवर. आठ दिवसांत त्याचा फोन आला.

"ताई, एक गेम आहे. विमानातून उडी माराची, बंदूक धुंडाची अन् शेवटपर्यंत जित्तं राहाचं. जोडीदार लागते. येतं का तू?"

मी तेव्हा साबुदाण्याच्या चकल्या वाळत घालत होते. म्हटलं, "या वयात मले बंदूक काहून पाहिजे गा?"

"त्याच्यात बोलता येते वं."

हे ऐकून मी हात धुतले. वेळ त्यानंच ठरवली, दुपारचे चार. मला वाटलं, त्याची दुपारची झोप तेव्हा होत असेल.

खेळ मला जमला असं म्हणणार नाही. पहिले काही दिवस मी भिंतीकडे तोंड करूनच गोळ्या झाडत होते. पण आवाजाची बाजू माझी होती, आणि तिथे मी कोणाला ऐकत नाही. सुरुवातीला त्याचा आवाज विहिरीतून आल्यासारखा घुमायचा. दोन दिवस खोदून खोदून विचारलं, तेव्हा कळलं की आवाज मोठा व्हावा म्हणून स्वारी मोबाइल स्टीलच्या गंजात, म्हणजे पातेल्यात, ठेवून खेळत होती. मग एकदा नुसती खरखर. मोबाइलच्या खालच्या बारीक भोकात धानाचा कोंडा बसला होता, तो मी इथून सांगून त्याच्याकडून सुईनं काढवला. एकदा माझंच बोलणं मला परत ऐकू यायला लागलं, तर त्याला स्पीकर बंद करून इअरफोन लावायला लावले. आमचे हे पेपरामागून म्हणाले, "रिटायर झाली तरी ड्युटी सुटली नाही." मला ते कौतुक वाटलं.

आणि काय सांगू, मजा होती! आम्ही शत्रूच्या घरात शिरलेलो असायचो आणि मागे कुहीचा कोंबडा आरवायचा. "उजव्या खोलीत दोघं आहेत," मी दबक्या आवाजात सांगायची, "अन् काय गा, भावजयीचा गुडघा कसा आहे?" तो गोळ्या झाडता झाडता गुडघ्याचं सांगायचा. फोडणीचा आवाज आला की आज भाजी कोणती हे मी ओळखायची. एकदा मी "मार, मार, गच्चीवर आहे तो!" असं ओरडले, तर वरचे भाडेकरू खाली धावत आले. प्लास्टर निघालं, तो शेतात जायला लागला, तरी चारला येऊन बसायचा. वर्षानुवर्षं जे बोललो नव्हतो ते या बंदुकांच्या गोंधळात बोलून झालं.

आणि मग आमचं भांडण झालं. त्या दिवशी एका भिंतीजवळ मला गोळी लागली. या खेळात पडलेल्या माणसाला त्याचा जोडीदार येऊन उठवतो, वेळेत आला नाही तर संपलं. हा समोरच्या घरात माडीवर सामान गोळा करत होता. मी सुरू झाले, "उठव मले! जिना उतर. डावीकडून ये. तिकडून कुठं चालला? भिंतीमागून ये म्हटलं ना!" तो येईस्तोवर मी मेले होते. आणि मग तो म्हणाला, "तू नुसती नागपुरातून हुकूम सोडत राहा. जिंदगीभर तेच केलं तू."

माय शेवटचं वर्षभर अंथरुणाला खिळली होती. तिचं सगळं त्यानं आणि भावजयीनं केलं. मी नोकरीत. रोज चहाच्या सुट्टीत ऑफिसातून फोन करून विचारायची: औषध दिलं का, कूस बदलली का, पेज घेतली का. तो एका शब्दानं कधी उलटून बोलला नव्हता. म्हणजे मनात होतं तर. खोटं असतं तर मी चार शब्द सुनावून मोकळी झाले असते. खरं होतं म्हणून झोंबलं. त्याच्या नावावर बोट दाबलं, तिथं स्पीकरचं चिन्ह आलं, ते दाबून त्याचा आवाज बंद केला आणि मेथी निवडायला बसले. ते बटण नंतर माझ्या डोक्यातून साफ गेलं.

दुसऱ्या दिवशी चारला मी पुन्हा हजर. राग आपल्या जागी, चारचा टाइम आपल्या जागी. तोही आला. पण एक अक्षर बोलेना. म्हटलं ठीक आहे. चूक तुझी आणि वर रुसतोस पण तू! मीही तोंड उघडलं नाही. असे आठ दिवस आम्ही मुक्यानं खेळलो. तो माझ्यासमोर मलमपट्टीचं सामान आणून ठेवायचा आणि बाजूला व्हायचा. मी ते उचलायची. दिवसभर मात्र जीव लागायचा नाही. मोठ्या मुश्किलीनं परत मिळालेला भाऊ एका भिंतीपायी गेला, असं सारखं वाटायचं.

नवव्या दिवशी आम्ही जिंकलो. पहिल्यांदाच! सगळे मेले आणि आम्ही दोघं उरलो. मी श्वास रोखून वाट पाहिली. काही नाही. तिथं मात्र माझ्यातली तक्रारवाली जागी झाली. माझा भाऊ रुसू शकतो, महिना-महिना रुसू शकतो, पण जिंकून गप्प बसणं त्याच्या बापजन्मी जमायचं नाही. हा रुसवा नाही, हा फॉल्ट आहे.

दुसऱ्या दिवशी मी बोलले. "बाबू, तुझा आवाज येऊन नाही राहिला. माझा येते का? येत असन तं दोनदा खाली बस."

पडद्यावरचा त्याचा माणूस पटकन दोनदा उठला-बसला. मला इतका आनंद झाला की त्या नादात मी उभ्या उभ्या गोळी खाल्ली.

मग चार दिवस तपासणी. मोबाइल बंद-चालू करवला. माइकची परवानगी बघायला लावली. इअरफोन काढून, घालून, उलटे घालून. खालचं भोक पुन्हा सुईनं. गेम काढून पुन्हा टाकवला. प्रत्येक वेळी त्याचा माणूस परत यायचा, माझ्यासमोर उभा राहायचा, आणि शांतता. शेवटी साधा फोन लावला. फोनवर आवाज खणखणीत.

"मी तं रोज बोलूनच राहिलो ताई," तो म्हणाला. "भांडण झालं त्याच्या दुसऱ्या दिवसापासून."

"काय बोललास?"

"तू काहीच नाही ऐकलं काय?"

"नाही गा."

"मले वाटलं, ऐकून चूप आहेस."

"मग सांग ना आता."

"जाऊ दे. बंदूक हातात असली की बोलता येते. असं फोनवर नाही जमत."

फोन ठेवला आणि माझ्या जिवाला घोर लागला. आठ दिवस हा माणूस मला काहीतरी सांगत होता, उत्तराची वाट पाहत होता, आणि मी त्याच्या पुढ्यातलं मलम उचलून चालती होत होते. काय बोलला असेल? पुन्हा बोलेल का?

"अवं, तुझ्याच मोबाइलात असन काही," आमचे हे म्हणाले.

"चौतीस वर्षं लाइनी जोडल्या मी," मी म्हटलं. "तुम्ही पेपर वाचा."

दुसऱ्या दिवशी नागपुरातच, महाल भागातल्या एका दुकानातून, दोनदा बोलून बघून, माइकवाले नवे इअरफोन घेतले आणि थेट कुहीची बस धरली.

भाऊ मला पाहून नुसता हसला. भावजयीनं पाणी दिलं, चहा दिला. मी चार वाजायची वाट पाहत बसले. मग इअरफोन त्याच्या हातात दिले आणि त्याला घरामागच्या खळ्यात पाठवलं, म्हणजे खरा आवाज घरापुढच्या छपरीत येणार नाही. "तिथं जाऊन आकडे मोज. मी सांगेस्तोवर थांबू नको." आमच्या खात्यात लाइन अशीच तपासत. मी मोबाइल घेऊन छपरीत बसले, गेम उघडला. तो आला. आवाज नाही.

भावजय भज्यांसाठी कांदा चिरत होती. हात पुसून माझ्या खांद्यावरून डोकावली. तिनं आयुष्यात हा खेळ खेळला नाही. तिला तो बिनकामाचा वाटतो, आणि तसं ती तोंडावर सांगते.

"ताई, यांच्या नावापाशी फुली काहून आहे?"

"त्याचा माइक बंद आहे ना, म्हणून."

"मग ती यांच्या मोबाइलात पाहिजे होती. हा तं तुमचा मोबाइल आहे."

मी चष्मा पुसला. भावजयीनं कांद्याचं बोट पुढे केलं, नावावर दाबलं, फुलीवर दाबलं. फुली गेली. काखेत कळसा आणि गावाला वळसा, तोसुद्धा बसचं तिकीट काढून! त्या क्षणी ती मेथी, ते बटण, सगळं डोळ्यांपुढे आलं. ओरडून सांगणारच होते, तेवढ्यात मोबाइलमधून कोंबडा आरवला आणि त्यामागून भावाचा आवाज आला.

"...एकोणसत्तर. सत्तर. ताई, मोजून मोजून कंटाळलो वं. तुले ऐकू तं येत नाहीच, मग त्या दिवशीचंच सांगतो पुन्हा. मी हुकमाचं बोललो ते चुकलं. माय होती तेव्हा चार वाजले की तुझा फोन येये. तू विचाराची, औषध दिलं का. तं मले वाटे, अर्धं ओझं ताईनं उचललं. तू विचारशील म्हणून मी टायमावर देत होतो, नाहीतर मले कुठं एवढं जमत होतं? माय गेली, तुझा चारचा फोन बंद झाला, तरी मी चारले फोनकडे पाहत बसो. म्हणून तं गेमचा टाइम चारचा ठेवला. पायाचं प्लास्टर निमित्त होतं." मग तो म्हणाला, "कुठं आलो होतो? हां. एकाहत्तर. बहात्तर."

भावजय कांद्याकडे परत गेली होती. तिच्या डोळ्यांत पाणी होतं, ते कांद्याचं की कशाचं, मी विचारलं नाही. माझ्या डोळ्यांतलं मात्र कांद्याचं नव्हतं.

"शहात्तर. अजून नाही लागला काय वं ताई?" खळ्यातून तो विचारत होता. "इअरफोन काढून पाहू?"

हजारो लोकांना मी म्हटलंय, बोला, लाइन चालू आहे. ते एवढंसं वाक्य तेव्हा माझ्या तोंडातून फुटेना. शेवटी पडद्यावरच्या माझ्या माणसाला मी खाली बसवलं, उठवलं. पुन्हा बसवलं, उठवलं.

खळ्यातलं मोजणं थांबलं.

"कुठून ऐकलं?" त्यानं हळूच विचारलं.

मी म्हटलं, "एकोणसत्तरपासून."